उडालेल्या रंगांची गढी

१

आमच्या गावात निळीचा माट नासला की दोधू रंगारी देवाकडं जात नसे, वैदूकडंही जात नसे. तो माझ्याकडं यायचा.

शहरातली माणसं हे ऐकून हसतात. हसा. पण खानदेशात एखादा जुना रंगारी अजून उरला असेल तर त्याला विचारा. निळीचा माट म्हणजे गळ्यापर्यंत जमिनीत पुरलेला मोठा रांजण. त्यात नीळ, चुना, गूळ आणि टाकळ्याचं शिजवलेलं बी. चांगला माट जिवंत असतो. वर तांबूस झाक असलेला निळा फेस धरतो, खाली पाणी हिरवट असतं, आणि कापड बुडवून वर काढलं की आधी हिरवं दिसून वाऱ्यावर डोळ्यांदेखत निळं होतं. पण हा माट कधी रुसतो. फेस बसतो, पाणी मळकं होतं, वास सुटतो. मग त्यात चुना ओता नाहीतर गूळ ओता, तो तोंड फिरवूनच बसतो.

तेव्हा रंगारी लोकांचा उपाय एकच. गावात एक थाप सोडायची. साधीसुधी नाही, ऐकणाऱ्याची विडी हातातच विझली पाहिजे अशी. कोणीतरी ती मनापासून खरी धरली की माट पुन्हा फेस धरतो. आणि माट उपसून रिकामा होईपर्यंत, ज्यानं थाप सोडली त्यानं तिला 'खोटं' म्हणायचं नाही; म्हटलं की थापही गेली आणि तिनं दिलेलंही गेलं.

आता दोधूला थाप मारायची म्हटली की आधी कपाळाला घाम यायचा. आणि मी म्हणजे भिला. शाळा तिसरी. मास्तरांच्या तपकिरीच्या डबीत मिरचीची पूड भरली, त्यानंतर मास्तर शिंकत राहिले आणि मी वडिलांच्या शेतावर गेलो. तिथून पुढं माझं सगळं शिक्षण बाजारात झालं. तापीवरच्या प्रकाशा गावच्या घाटावर एक सुसर आहे आणि ती आपल्या अहिराणीत बोलते, या माझ्या थापेवर दोधूचा माट उन्हाळाभर चालला होता. एका नव्या मामलेदाराला शेपटी आहे, या थापेवर दोन दिवाळ्या निघाल्या. तो मामलेदार घोड्यावर बसायला लागला की लोक मागून वाकून बघायचे.

हे सगळं मजेचं. पुढचं मजेचं नाही. पण मी मजेनंच सांगणार, कारण मला दुसरं येत नाही.

२

जर्मनच्या लढाईचं साल होतं. पुडीतले विलायती रंग बाजारातून नाहीसे झाले आणि बाया पुन्हा लुगडी घेऊन दोधूच्या अंगणात उभ्या राहिल्या. दोधूनं बापाचा जुना माट परत चालू केला. पण त्याला घाई होती ती वेगळ्याच लुगड्याची.

त्याची पोर कमळ लग्नाची झाली होती, आणि कमळच्या अंगावर कोड होतं. गळ्यावर एक डाग, आणि दोन्ही हातांवर मनगटापासून वर, दूध सांडून ओघळ वाळावेत तसे. दोंडाईच्याचे पाहुणे तिला बघायला येणार होते. दोधूनं ठरवलं होतं की पोरीला असं गर्द निळं लुगडं नेसवायचं की पाहुण्यांचे डोळे त्यातच बुडून राहिले पाहिजेत. रंगाऱ्याची अक्कल. कोणत्याही दुखण्यावर त्याचं औषध एकच, बुडवा.

कमळची आई तिच्या जन्मातच गेलेली. तिला लहानाची मोठी केली ती माझ्या बायकोनं, गजराबाईनं. आम्हाला मूल नव्हतं. कमळ जेवायची आमच्या घरी, रुसायची आमच्या घरी, आणि झोपायला तेवढी बापाकडं जायची.

तर दोधू आला, आमच्या ओट्यावर बसला आणि गुडघ्यात डोकं घालून म्हणाला, "भिलाभाऊ, माट मरी गया."

"कव्हय?"

"आज सकायले. फेस बठी गया. पाव्हना येवावर शेत. काहीतरी सोड, भाऊ."

कमळ आत गजराबाईजवळ बसली होती. तिथूनच म्हणाली, "काका, यंदा मोठं सोडा. मामलेदारनी शेपटी आते जुनी व्हई गयी."

"तूच सुचाड मंग," मी म्हणालो.

ती दारात आली. पदराखाली हात घेऊन उभी राहायची, तशी. म्हणाली, "लोके म्हनतस, लुगडाना रंग उडी गया. उडी गया म्हंजे कोठे गया, काका? कोठे तरी तं जात व्हई ना."

दोधू म्हणाला, "येडी शे."

गजराबाई मात्र पिठाचा हात तसाच धरून कमळकडं बघत राहिली. मी तेव्हा तिच्याकडं लक्ष दिलं नाही. मला थाप सापडली होती, ती मी तिथंच तिघांना रंगवून सांगितली, आणि थाप सापडली की मला बायको दिसत नाही.

३

शहाद्याच्या बाजारात एका लिंबाखाली तंबाखूवाला बसायचा. माझी गादी ती.

दुसऱ्या दिवशी तिथं मी सांगितलं, सातपुड्यात मोलगीच्या वरच्या अंगाला एक गढी आहे. कोणी राजानं बांधली नाही, गवंड्यानं बांधली नाही. जगातल्या उडालेल्या रंगांनी ती आपापली उभी केली. लुगड्याचा रंग उडतो, देवळाच्या कळसाचा उडतो, म्हातारपणी केसांचा उडतो, तो सगळा तिथं जाऊन राहतो. एकेका रंगाची एकेक खोली. तांबडीतून पिवळीत जायचं, पिवळीतून निळीत, निळीतून हिरवीत. आणि ज्याच्या अंगी रंग कमी पडला असेल त्याला तिथून भरून मिळतो.

"कोन देस?" एकानं विचारलं.

"देनारा कोन्ही नही. गढीच देस."

"आनि तिले परत काय द्यानं पडस?"

हे मी ठरवलं नव्हतं. थाप मारणाऱ्यानं अडखळायचं नसतं. म्हणालो, "ते गढी पाही लेस."

लोकांच्या विड्या विझल्या. संध्याकाळी घरी आलो तर दोधू वाटेतच भेटला. कोपरापर्यंत निळा. त्याचा माट उठला होता. नुसता उठला नव्हता, फेस काठावरून बाहेर सांडत होता.

"कोन्ही खरं धरं?" त्यानं विचारलं.

"आख्खा बजारनी."

"कव्हय सोडी तू?"

"दुपारले. ऊन कलतांना."

दोधूनं हात धोतराला पुसले. मग म्हणाला, "माट तं कालदिन रातलेच उठना, भाऊ. मी तुले सांगाले ऊनू तं तू झोपी गयता."

मी हसलो. म्हटलं, तुझ्या नाकाला वास नाही आणि डोक्याला दिवस-रात्र नाही, चुना उशिरा लागू पडला असेल. त्यालाही ते पटलं. मलाही पटलं. फक्त आदल्या रात्री ती थाप माझ्या घरात बसलेली ती तीन माणसं सोडून कोणाला माहीत नव्हती.

४

पुढच्या बाजाराला रायसिंग खाली आला. हा मोलगीकडचा पावरा आदिवासी, चारोळी आणि मध घेऊन डोंगरातून उतरायचा. उंच, कमी बोलणारा. आमच्यासारख्या सखल गावच्या माणसांशी बोलताना बाजारातली मराठी बोलायचा, एकेक शब्द निवडून, जशी चारोळी निवडतो.

मी लिंबाखाली गढीचीच गोष्ट रंगवत होतो. आता तिला बुरूज आले होते. रायसिंग उभ्यानं ऐकत होता. मी थांबलो तेव्हा म्हणाला, "बरोबर सांगतो तू."

लोक हसले. मीही हसलो. "तू पाहेल शे का?"

"वाटेवर आहे. आम्ही त्या बाजूला गुरं नेत नाही." मग त्यानं टोपली डोक्यावर घेतली. "पण हिरव्या खोलीच्या पुढची नाही सांगितली तू."

"पुढं काय शे?"

"एक खोली आहे," तो म्हणाला, आणि मध विकायला गेला.

खरं सांगतो, मला त्याचा हेवा वाटला. मी इतका घसा कोरडा करून गढी बांधली आणि या माणसानं एका वाक्यात तिला एक खोली वाढवली, तीही रिकामी, म्हणजे ऐकणारा आपली आपण भरील. मी मनात म्हटलं, डोंगरात एक माझ्याहून वरचा थापाड्या आहे. घरी येऊन गजराबाईला हे सांगितलं. मला वाटलं हसेल. ती म्हणाली, "मंग शे तठे खरंच."

"काय शे?"

"काही नही. जेवा."

५

अंगणात मिरची वाळत घातली होती. नंदुरबारकडची मिरची, जिच्याकडं बघूनच डोळ्याला पाणी यावं. एका सकाळी पाहतो तर पथारीचा आमच्या ओट्याकडचा भाग फिकट पडला होता. मी म्हटलं ऊन. मिरची उन्हानं पांढरी पडते, त्यात नवल नाही. दुसऱ्या सकाळी अर्धी पथारी तशी. शेजारच्या अंगणातली लाल होती. ऊन तेच.

मग गजराबाईचं कुंकू. लावताना लाल दिसायचं आणि चुलीशी बसून भाकरी होईपर्यंत कपाळावर पीठ लावल्यासारखं व्हायचं. मी म्हटलं वाण्यानं भेसळ केली. दुसऱ्या वाण्याकडून आणलं. तेही तसंच. हळद टाकलेली डाळ पांढरी यायला लागली. मी म्हटलं, आता वाणीसुद्धा माझे चेले झाले.

अशात एक दिवस कमळ धावत आली. पदराखालचे हात तिनं आयुष्यात पहिल्यांदा माझ्यापुढं उघडे धरले.

"काका, देखा."

डाग भरत होते. डाव्या हातावरचे तर जवळजवळ गेले होते. दोधू तिच्या मागून आला, रडत होता आणि हसत होता, आणि निळ्या हातांनी तोंड पुसून त्यानं सगळं तोंड निळं करून घेतलं होतं. आम्ही सगळे त्याच्याकडं बघून हसलो. गजराबाई सगळ्यात जास्त हसली. तिनं सगळ्यांच्या हातावर गूळ ठेवला.

मी कमळचा हात धरून नीट पाहिला. कमळ गव्हाळ होती. डागांच्या जागी भरून आलेला रंग गव्हाळ नव्हता. सावळा होता. आणि मनगटाशी, जिथं सर्वात शेवटी भरत होतं, तिथं कातडीत एक बारीक हिरवी रेघ उमटली होती. वाकडी, टोकाला ठिपका.

विंचवाची नांगी.

गजराबाईच्या डाव्या मनगटावर लहानपणी गोंदलेला विंचू होता. तिची आई म्हणे गोंदवताना तिला मांडीखाली दाबून बसली होती. मी वळून तिचा हात धरला. ती हात सोडवून घेत होती, मी सोडला नाही. विंचू होता. नांगी नव्हती. तिच्या सावळ्या हाताची कातडी धुतलेल्या मांजरपाटासारखी झाली होती.

"गूळ कसा गोड शे," ती कमळला म्हणाली.

६

त्या रात्री मी तिला म्हणालो, "गजरा, आयक. ती गढी—"

तिनं माझ्या तोंडावर हात ठेवला. हात थंड नव्हता, गरमही नव्हता. रिकाम्या भांड्याला हात लागावा तसं वाटलं.

"ते बोलू नका."

"तुले माहीत शे ती काय शे ते."

"तुम्हले माहीत शे तुम्ही काय सांगं ते. मी काय खरं धरं ते माले माहीत शे." ती अंधारात थोडी हसली. "इतला वरीस तुम्हना थापा आयकी. एक तं कामनी निघनी."

"आनि तू?"

"माले आते कोन बघाले येवावर शे?"

दुसऱ्या दिवशी मी दोधूला गाठलं. त्याला विंचू दाखवायची गरज पडली नाही, त्यानं तो पाहिला होता. रंगारी होता तो. कुठला रंग कुठून आला हे त्याला माझ्या आधी कळलं होतं. माटाशी बसून तो लुगड्यामागून लुगडं बुडवत होता आणि माट खाली जात नव्हता. पाणी काठालाच.

"उपस हाऊ माट," मी म्हणालो.

"लगीन व्हई जाऊ दे, भाऊ."

"तव्हय लगून ती उरी का?"

दोधूनं माझ्याकडं पाहिलं नाही. "मन्ही पोर शे," म्हणाला. "तुन्ही बी शे."

मी घरी आलो आणि विचार केला. मला तसा विचार करायची सवय नाही, म्हणून सोपा केला. 'खोटं' म्हणायचं नाही, पण बघून यायला कोणी मनाई केलेली नाही. डोंगरात जायचं. तिथं काही नसलं तर बाई आजारी आहे, नंदुरबारहून डॉक्टर आणायचा. आणि असलं तर काय, हे मी ठरवलं नाही.

निघताना गजराबाई दळत होती. ती जातं डाव्या हातानं ओढायची, घरघर जरा वेगळी यायची, आळीत कोणालाही ओळखू यावी अशी. न थांबता म्हणाली, "जा. सोताच बांधेल घर सोताले सापडस का ते देखी या."

७

रायसिंग मला मोलगीत भेटला. त्यानं काही विचारलं नाही. सकाळी आम्ही निघालो. सागाची पानं वाळून वाटेवर पडली होती आणि पायाखाली पापडासारखी मोडत होती. मी बोलत होतो, तो ऐकत होता. एका खिंडीशी पोचलो तेव्हा दुपार भरात होती. मला एकदम जाणवलं की माझ्या पायांखालची पानं वाजायची थांबलीत. खाली बघितलं. पानं होती. पण तपकिरी नव्हती. कसल्याच रंगाची नव्हती.

"मी इथं बसतो," रायसिंग म्हणाला.

"तू चाल ना संगे."

"मी नाही सांगितली ती. तू सांगितली."

"शेवटली खोली तं तू सांगी."

"मी सांगितली नाही," तो म्हणाला. "मला माहीत होती." आणि दगडावर बसून त्यानं चिलीम काढली.

खिंडीपलीकडं भिंत होती. मी बाजारात म्हणालो होतो तशीच, तांबड्या दगडाची, बुरूज असलेली. मी स्वतःला समजावलं. सातपुड्यात भिल्ल राजांच्या जुन्या गढ्या आहेत, पडक्या आहेत, यातलीच एखादी लहानपणी कोणाकडून ऐकली असेन आणि माझी म्हणून सांगितली असेन. थापाड्याला स्वतःची थाप आणि ऐकलेली गोष्ट यात फरक राहत नाही. हे अगदी पटण्यासारखं होतं. फक्त बुरूज मी दुसऱ्या बाजाराला वाढवले होते, आणि हे बुरूज भिंतीहून नवे दिसत होते.

८

तांबड्या खोलीत शिरलो आणि शिंकलो. मिरचीचा ठसका. मला हसू आलं. भिंती रंगवलेल्या नव्हत्या. रंग भिंतीवर बसला होता, धुळीसारखा, आणि मी श्वास सोडला की तेवढ्या जागी थोडा हलत होता. एका कोपऱ्यात तो दाट होता, ओलसर. तो मिरचीचा नव्हता, कुंकवाचा होता. मी तिकडं गेलो नाही.

खिडक्या नव्हत्या. मी बाजारात खिडक्यांचं काही बोललो नव्हतो. तरी उजेड होता. छताचंही मी काही बोललो नव्हतो. वर पाहिलं. नंतर मी वर पाहिलं नाही.

पिवळी खोली लहान होती, लग्नघरासारखा वास येत होता. निळीत गेलो आणि कान बंद झाले, पाण्याखाली होतात तसे. माझं धोतर हिरवं दिसत होतं. पुढच्या दारातून बाहेर पाऊल टाकलं आणि ते माझ्या डोळ्यांदेखत निळं झालं. दोधूला सांगितलं पाहिजे, असं माझ्या मनात आलं, असा वेडा मी.

हिरवी खोली. भिंतभर गोंदण. मोर, तुळशी, ठिपके, माळा, नावं. कोणाकोणाच्या हातांची, कपाळांची, हनुवटीची. सगळी माझ्याकडं तोंड करून. मी एक विंचू शोधत होतो. सापडला. नुसती नांगी होती, बाकीचा अजून यायचा होता. मला बरं वाटलं. म्हणजे वेळ होता. म्हणजे परत जाऊन ते एक अक्षर बोलायला मला वेळ होता. मी तोंड उघडलंही.

मी बघत असताना भिंतीवर विंचवाची पाठ उमटली. मग पाय. एकेक.

आणि पुढच्या दारातून जात्याची घरघर आली. जरा वेगळी.

ते दार मी बांधलं नव्हतं. उंबरठा नव्हता त्याला. आत रंग नव्हता. पांढरं म्हणाल तर पांढरा हाही रंग आहे. आत तो नव्हता. जातं होतं, आणि जात्यापुढं माझ्याकडं पाठ करून एक बाई बसली होती. तिचा अंबाडा मी ओळखला. लुगड्याचा काठ कुठं संपतो आणि पाठ कुठं सुरू होते ते कळत नव्हतं. तिच्या पलीकडं आणखी कोणी कोणी बसलं होतं, ओळीनं, दूरवर, खोलीला जितकी लांबी असायला नको तितक्या लांब. त्यांचा आवाज नव्हता. जात्यात दाणे नव्हते.

"गजरा," मी म्हणालो.

जातं थांबलं नाही. "मझार येऊ नका."

"घर चाल."

"घरच शे हाई."

"मी म्हनी देस ते. आत्तेच म्हनी देस. मंग हाई काहीच ऱ्हावाव नही."

"नही ऱ्हावाव," ती म्हणाली, रोजच्या आवाजात, डाळ संपली सांगावी तशी. "मंग मी बठसू कोठे?"

तिनं मान वळवायला सुरुवात केली. मी ती पूर्ण वळेपर्यंत थांबलो नाही. थांबलो असतो तर बरं होतं की वाईट, हे मी तेव्हापासून ठरवतो आहे.

९

घरी आलो तेव्हा जात्यात अर्धा घास तसाच होता. दोधू ओट्यावर बसला होता. म्हणाला, तू निघाला आणि ती दळता दळता उठली, मला म्हणाली कोणीतरी हाक मारतंय, आणि डोंगराच्या वाटेनं तुझ्या मागं चालू लागली. त्याला वाटलं तिनं मला गाठलं असेल. लोकांनी वाट शोधली, तापीत पाहिलं. कोणी म्हणालं जनावरानं नेलं. हे सगळं होऊ शकतं. मी कोणाला नाही म्हणालो नाही.

कमळचं लग्न झालं. दोंडाईच्याच्या पाहुण्यांना लुगडं दिसलंच नाही, तिचंच तोंड बघत राहिले. मनगटावर अख्खा विंचू होता. मी अक्षता टाकल्या आणि जेवणावळीत नवरदेवाच्या पानात गुपचूप दोनदा मीठ वाढलं. सगळे म्हणाले, भिला सावरला.

पुढं दोधूही गेला. मरताना त्यानं माझा हात धरून विचारलं, "माट उपसं का?" मी म्हणालो, "उपसं." तेवढी एक सोडली. माट आमच्या गावात अजून काठापर्यंत भरलेला आहे. फेसासकट. नव्या रंगाऱ्यांना तो जुना हौद वाटतो, पोरं त्यात खडे टाकतात. मी त्यांना हाकलतो.

मी अजून बाजारात जातो. लिंब पडला, तंबाखूवाला मेला, चहाचं हॉटेल आलं. मी तिथं बसून गढी सांगतो. वाढवत नाही आता. होती तशीच सांगतो. शाळेतले मास्तर म्हणतात, बाबा, हे खोटं आहे ना? मी म्हणतो, मास्तर, तुम्ही तपकीर ओढता का?

मागच्या उन्हाळ्यात कमळ आली. एकटीच आली. केस पिकले होते, कातडी तशीच सावळी, नितळ. ओट्यावर बसली, पाणी घेतलं नाही.

"काका, माट भरेल शे का अजून?"

"शे."

"उपसा. आनि म्हनी टाका ते. मन्हा पांढरा डाग माले परत द्या."

"काब्र? बरी तं दिसस."

"मी दिसस?" ती म्हणाली. "नवरा माले हाक मारस तं मन्हाकडे देखत नही, हातकडे देखस. पाह्यटे मी उठस तं हात मन्हा पहिले उठेल ऱ्हास. चूल पेटाडेल ऱ्हास. लेकरूसले मी हात लावस तं त्या म्हनतस, माय, हाऊ कोनना हात शे." तिनं हात मांडीवर ठेवला होता, दुसऱ्या हातानं दाबून. "मन्हं काय उरनं, काका, तेच माले कळत नही. एक शब्द शे. तुम्हले तं शब्दसनं कव्हयच जड नही गयं."

तो शब्द माझ्या जिभेवर होता. तो तिथं आयुष्यभर आहे. मी डोंगराकडं पाहिलं. दुपारच्या उन्हात सातपुडा फिकट दिसत होता.

"तुले जेवानं शे का, पोरी?" मी विचारलं.

तिनं पाण्याचा तांब्या माझ्याकडं सरकवला. मग म्हणाली, "काकू वर बठेल शे म्हनीसन तुम्ही माले आठे अशीच ठेवशात. मी मरस तव्हय लगून."

"हा," मी म्हणालो.

तिनं पदर मनगटावर ओढून घेतला, उठली, आणि तशीच उन्हात चालती झाली.